निरोपाचा दुसरा टेक

खात्यात तिला सगळे कात्रीबाई म्हणत. तोंडावर नुसतं 'बाई', आणि पाठ वळली की कात्रीबाई. तिला ते ठाऊक होतं, पण राग येत नसे. पहिली चार वर्षं तिनं खरोखरच कात्रीशिवाय दुसरं काही हातात धरलं नव्हतं.

नवरा गेला तेव्हा मुलगी अडीच वर्षांची होती. हातात एक पदवी होती आणि ती पाहून कुणी भुलत नव्हतं. सरकारच्या प्रचार खात्यात टायपिस्ट म्हणून चिकटली खरी, पण टायपिंग असं दिव्य की साहेबांनी तिसऱ्याच आठवड्यात हात टेकले. "बाई, तुम्ही एका पत्रात इतकं खोडता, तर खोडायचंच काम का घेत नाही?" असं म्हणून त्यांनी तिला तिसऱ्या मजल्यावर कापाकापीच्या खोलीत पाठवलं. खात्याचे माहितीपट तिथं जोडले जात. खोलीला खिडकी नव्हती. भिंतीभर तारा, तारांना खिळे, खिळ्यांना फिल्मच्या पट्ट्या टांगलेल्या, आणि खाली कापड लावलेल्या मोठ्या टोपल्या. फिल्म चिकटवायच्या द्रवाचा उग्र गोडसर वास कपड्यांना असा बसायचा की घरी गेल्यावर शेजारीण विचारायची, "आज काय रंगवलंत?"

या कामात मात्र ती रमली. पांढरे हातमोजे घालायचे, पट्टी उजेडासमोर धरायची आणि ठरवायचं, की इथून इथपर्यंत खरं, पुढचं नुसतं भरताड. माणूस कॅमेऱ्यासमोर खरा हसतोय की हसून दाखवतोय, हे तिला पट्टीवर कळायचं. खरं हसू चेहऱ्यावर एकदम येत नाही आणि एकदम जातही नाही. हसून दाखवलेलं मात्र दिवा लावावा आणि मालवावा तसं असतं.

मुलगी शाळेतून थेट तिथंच यायची. सतत गिरक्या घेत असायची म्हणून तिला सगळे भिंगरी म्हणत. टेबलाखाली बसून ती टाकाऊ पट्ट्यांच्या माळा करायची आणि बडबड करायची. तिच्या मनातलं चेहऱ्यावर छापून येई. रुसली की ओठ बाहेर, खोटं बोलली की कान लाल. खात्यातला कॅमेरावाला, ज्याला सगळे दाढी म्हणत, तो म्हणायचा, "बाई, या पोरीला पत्ते खेळायला कधी पाठवू नका. पहिल्याच डावात नागवली जाईल."

मग युद्ध आलं. खात्यातले पुरुष एकेक करून गेले. कुणी गणवेश घालून गेला, तर कुणी परत न येण्याइतका दूर. दाढीचा एक पाय आखूड होता म्हणून त्याला सैन्यानं घेतलं नाही. एक दिवस साहेबांनी बाईंना बोलावलं.

"काय ठेवायचं आणि काय टाकायचं ते तुम्हाला कळतं. मग कॅमेऱ्यानं काय टिपायचं तेही कळेल. आता दुसरं कुणी उरलेलंच नाही."

अशी, हारतुऱ्यांविना, ती दिग्दर्शक झाली. सात-सात मिनिटांचे माहितीपट असत. काचांना कागदाच्या पट्ट्या कशा चिकटवाव्या, भोंगा वाजला की तळघरात काय न्यावं, बादलीभर पाण्यात घरभराची धुणी कशी करावी. नटनट्या कुठल्या मिळायला! शेजारीपाजारी, खात्यातला शिपाई आणि कुठं मूल लागलं तर भिंगरी. फिल्म मोजून मिळायची, त्यामुळे फार तर दोन टेक. भिंगरी आठ वर्षांची होईतो कॅमेऱ्याकडे न बघता चालायला, 'कट' म्हणेपर्यंत थांबायला पटाईत झाली होती. बाईंना कौतुक वाटे. आपल्या कामातलं आपल्या लेकराला काही येतं, याचं कुणाला वाटत नाही?

दुसऱ्या हिवाळ्यात गोदामांच्या वस्तीवर बॉम्ब पडले. मग हुकूम निघाला, की बारा वर्षांखालच्या मुलांना डोंगरापलीकडच्या खेड्यांत पाठवा. बसगाड्या तयार झाल्या, खेड्यातली घरं ठरली, पण आया मुलं सोडेनात. साहेबांनी बाईंना सांगितलं, "आयांचं मन वळेल असं काहीतरी काढा. लवकर काढा."

बाई शाळेच्या सभागृहात आयांना भेटायला गेल्या. पहिल्या बसचं चित्रण करू द्या, एवढीच विनंती होती. त्यांनी आकडे सांगितले, नकाशा दाखवला. आया ऐकत होत्या. मागच्या बाकावर एक शिलाईवाली बसली होती. सगळ्या वस्तीचे कपडे ती शिवायची आणि सगळ्या वस्तीचं बोलणंही तीच बोलायची. ती उठली.

"बाई, तुमचं ते सगळं बरोबर. पण तुमचं लेकरू कुठल्या बसमध्ये बसतंय?"

खरं सांगायचं तर बाईंनी भिंगरीला पाठवायचा विचारच केलेला नव्हता. आपण आणि ती, दोघींचंच तर घर. पण शंभर बायका आपल्या तोंडाकडे बघताहेत म्हटल्यावर त्या बोलून गेल्या, "पहिल्याच."

"मग माझाही पोरगा पहिल्याच बसमध्ये घाला," शिलाईवाली म्हणाली आणि खाली बसली. तिच्यामागून चाळीस नावं आली.

घरी जाऊन भिंगरीला सांगितलं तर ती म्हणाली, "किती दिवस?"

"थोडे."

"थोडे म्हणजे दहा?"

"दहापेक्षा थोडे जास्त."

"म्हणजे थोडे नाहीत," भिंगरी म्हणाली. तिचे ओठ बाहेर आले.

बस सुटायची ती सकाळी आठला, आगाराच्या मोठ्या पटांगणातून. बेचाळीस मुलं, गळ्यात पुठ्ठ्याची लेबलं, हातात एकेक गाठोडं. दाढीनं कॅमेरा उंच फळीवर लावला होता. ठरलं असं होतं, की आया निरोप घेतील, मुलं बसमध्ये चढतील, हात हलवतील. कुणाला काही शिकवायचं नाही. जे होईल ते घ्यायचं.

जे झालं ते असं. भिंगरीनं आईच्या गळ्याला मिठी मारली ती सुटेना. "आई, मला नाही जायचं. मी टेबलाखाली गप्प बसेन. एक शब्द बोलणार नाही." बाईही रडल्या. शेजारची आई रडली, तिचं बघून पलीकडची, आणि बघता बघता सगळं पटांगण हंबरडा फोडायला लागलं. एकेक मूल सोडवून बसमध्ये चढवावं लागलं. भिंगरी शेवटी चढली. खिडकीच्या काचेला गाल लावून ती रडत राहिली.

दाढी लंगडत खाली आला. त्याचेही डोळे ओले होते. हळूच म्हणाला, "बाई, हे पडद्यावर दाखवलं तर एकही आई मूल पाठवणार नाही."

"किती फिल्म उरलीय?"

"शंभर फूट. मिनिटभराच्या जरा वर."

बाईंनी पदरानं चेहरा पुसला. त्या क्षणी त्यांच्यातली आई बाजूला झाली आणि कामाची बाई पुढं आली. आपल्या हातून काय होतंय हे त्यांना खरोखरच कळलं नाही. टेक बिघडला की दुसरा घ्यायचा, ही सवय हाडीमाशी खिळलेली होती.

"पुढच्या दहा मुलांना खाली उतरवा," त्यांनी सांगितलं. "पुन्हा एकदा करू. या वेळी हसत."

ड्रायव्हरनं खिडकीतून डोकं काढलं. "अहो बाई, निरोप काय पुन्हा पुन्हा घ्यायचा असतो?"

"दोन मिनिटं, दादा."

दहा मुलं उतरली. त्यांत भिंगरी होतीच. कॅमेऱ्याकडे न बघता चालणारी तीच एक. पण आता बाईंना खुणा द्यायला कॅमेऱ्याजवळ उभं राहायला हवं होतं, म्हणजे भिंगरीसमोर कुणी नाही. शिलाईवालीचा मुलगा आत बसूनच होता.

"तुम्ही जरा हिच्यासमोर उभ्या राहता?"

शिलाईवाली आली. भिंगरीनं एकदा तिच्याकडे पाहिलं, एकदा आईकडे.

"आई, यांना काय म्हणू?"

"आई म्हण," बाई म्हणाल्या. "आणि मजेत जायचं. सहलीला चाललीस असं."

भिंगरीनं डोळे पुसले. मग दाढीनं हात वर केला, बाईंनी खूण केली, आणि त्या पोरीनं असं काही काम केलं म्हणता! शिलाईवालीच्या कमरेला मिठी मारली, वर बघून हसली, "येते हं, आई!" म्हणाली, पायऱ्या चढताना एक गिरकी घेतली, खिडकीतून हात हलवला. कुठं अडखळली नाही. बाकीची मुलं तिचं बघून हसली, आया मुलांचं बघून हसल्या.

"कट! शाब्बास!" बाई ओरडल्या आणि त्यांनी टाळ्या वाजवल्या.

ड्रायव्हर आधीच वैतागलेला. 'कट' ऐकताच त्यानं गाडी सोडली. बस फाटकातून बाहेर पडून वळली तेव्हा बाईंच्या टाळ्या थांबल्या. आपली मुलगी गेली, आणि जाताना तिनं निरोप घेतला तो दुसऱ्याच बाईचा, हे त्यांच्या तेव्हा लक्षात आलं. शिलाईवाली पटांगणात तशीच उभी होती. तिच्याकडे त्यांना बघवेना.

माहितीपट मात्र गाजला. गावोगावच्या थिएटरांत, शाळांत, तंबूत लागला. दोन महिन्यांत बसगाड्या अपुऱ्या पडायला लागल्या. साहेबांनी फ्रेम केलेलं प्रशस्तिपत्र दिलं. शिलाईवालीला तर रांगेत बायका ओळखायला लागल्या. "तुमची मुलगी कशी आहे हो?" कुणी विचारलं की ती म्हणायची, "अहो मला मुलगी कुठली! मी उसनी आई!" आणि स्वतःच हसायची. एकदा ती हे बाईंच्या देखत म्हणाली आणि मग तिनं जीभ चावली.

भिंगरीची पत्रं दर आठवड्याला येत. एकाच ठशाची. "मी मजेत आहे. कोंबड्यावाली मावशी चांगली आहे. रोज अंडं मिळतं. अभ्यास करते. तू काळजी करू नकोस."

ज्या पोरीला साधा मोजा टोचला तरी सगळ्या इमारतीला कळायचं, तिला एक तक्रार सुचू नये? बाई ती पत्रं हातमोजे न घालता, पण पट्टी बघावी तशीच बघत. अक्षर कुठं तिरकं झालंय का, कुठं खोडलंय का, कागद कुठं ओला होऊन वाळलाय का. मोठी बहीण एकदा भेटायला आली होती, ती म्हणाली, "अगं, मजेत आहे म्हणतेय तर मजेत असेल. तू कशाला नसतं मनात आणतेस?"

"तुला नाही कळायचं, ताई. मजेत जायचं असं मीच सांगितलं होतं तिला. ती माझं ऐकतेय."

"म्हणजे रडली असती तर तुला बरं वाटलं असतं?"

"हो," बाई म्हणाल्या. "कळलं तरी असतं."

मग मनाचे खेळ. कोंबड्यावाली कोण, कशी, पोरीला खुराड्यात झोपवते का, कामाला जुंपते का. आपल्या दोन खोल्यांत बाई एकट्या जेवायला बसत आणि दोन घास पोटात गेले, की पोरीनं खाल्लं असेल का, म्हणून तिसरा घास हातातच राही. एकच गोष्ट त्यांना हवी होती. त्या पोरीचा खरा चेहरा एकदा बघायचा होता. मग तो कसाही असो.

चार महिन्यांनी संधी आली. साहेबांना 'मुलं खेड्यात कशी रमली' असा माहितीपट हवा होता. बाई आणि दाढी निघाले. कोंबड्यावालीचं घर गावाच्या टोकाला, बसकं, पत्र्याचं, आणि दारापासूनच कोंबड्या पायांत यायच्या. कोंबड्यावाली आडव्या बांध्याची, मोठ्या आवाजाची, हात असे की एकेका हातात तीन अंडी सहज मावावी.

"या! तुम्हीच का त्या शिनेमावाल्या? बसा. तिकडे नको, तिकडे आत्ताच कोंबडीनं घाण केलीय."

भिंगरी बाहेर आली. उंच झालेली, केस कानापर्यंत कापलेले. "आलीस आई?" म्हणाली, नीट जवळ आली, नीट मिठी मारली. मग तिला दाढीच्या खांद्यावरचा कॅमेरा दिसला. ती मागे सरकली, फ्रॉक खाली ओढला आणि विचारलं, "कुठं उभी राहू?"

बाई म्हणाल्या, "कुठंही नको. आज तुला नाही घ्यायचं."

"मग दाढीकाका कशाला आलेत?"

बाईंनी तिला खुराड्यामागं नेलं, तिच्यासमोर उकिडव्या बसल्या, दोन्ही खांदे धरले आणि तिच्या चेहऱ्याकडे टक लावून विचारलं, "खरं सांग. तुला इथं बरं वाटतं?"

"हो."

"अगदी खरं?"

"हो म्हटलं ना." आणि ती हसली. ते हसू बाईंनी कापाकापीच्या टेबलावर चाळीस वेळा पाहिलेलं होतं. दिवा लागावा तसं आलं आणि मालवावा तसं गेलं.

"काही त्रास असेल तर आत्ता नेते तुला. याच गाडीनं."

भिंगरीनं घराकडे पाहिलं. मग म्हणाली, "नको. शहरात बॉम्ब पडतात. मुलं खेड्यातच सुरक्षित आहेत."

ही ओळ माहितीपटातली होती. बाईंनीच लिहिलेली.

परत आल्यावर त्या साहेबांकडे गेल्या. "मला माझी मुलगी परत आणायचीय."

साहेबांनी चष्मा काढला. "आणा. आईला मी कोण अडवणार? फक्त एवढं सांगतो, तुम्ही आणली हे उद्या सगळ्या शहराला कळेल. परवा परतीच्या गाड्यांना आयांची रांग लागेल. त्या आया तुमच्यावर विसंबून आहेत, माझ्यावर नाही."

बाई उठून आल्या. काय करावं कळेना. पुढच्याच आठवड्यात शाळेच्या त्या सभागृहावर बॉम्ब पडला. भरदुपारी, शाळेच्या वेळेत. दाढीबरोबर त्या चित्रण करायला गेल्या तेव्हा छप्पर खाली आणि बाकं त्याच्याखाली चेपलेली होती. चौकीदाराच्या मनगटाला खरचटलं होतं, बाकी एकालाही काही झालं नव्हतं. आत कुणी नव्हतंच. बाईंनी ती मोडकी बाकं मोजली आणि मुलगी आणायची नाही हे तिथंच ठरवलं. निर्णय बरोबर होता, हे त्यांना तेव्हाही माहीत होतं. पण बरोबर निर्णय घेतला म्हणून जीव थोडाच स्वस्थ बसतो.

अशी तीन वर्षं गेली. बाईंनी त्या काळात एकवीस माहितीपट केले. रक्तदान, ढिगाऱ्यातून माणूस कसा काढावा, बटाट्याची सालं फेकू नका. नाव झालं. बसगाड्यांचं तेल आटलं तशा खेड्यातल्या फेऱ्या कमी झाल्या. तरी वर्षातून तीनदा त्या गेल्याच. प्रत्येक वेळी भिंगरी जास्त शहाणी. पाणी आणून देई, बॅग उचलून ठेवी, "प्रवास कसा झाला?" विचारी. मुलगी जशी गोड होत गेली तशी आई धास्तावत गेली.

युद्ध संपलं. बसगाड्या परत आल्या. साडेअकरा वर्षांची भिंगरी उतरली, आईला भेटली आणि कोंबड्यावालीनं दिलेली अंड्यांची टोपली सांभाळत घरी आली. आपलं ताट आपण धुवे. अंथरूण घडी घालून ठेवी. बडबड नाही, गिरक्या नाहीत, रुसवा नाही. ताई बघून गेली आणि म्हणाली, "किती वळण लागलंय पोरीला! माझ्या दोघांना पाठवायला हवं होतं." बाईंना ते वळण बघवत नव्हतं. त्या रोज काही ना काही निमित्त काढून विचारत. मावशी ओरडायची का? कामं सांगायची का? कधी मारलं का? उत्तर एकच, "नाही, आई."

अशात सरकारकडून एक छापील अर्ज आला. ज्या घरात मूल राहिलं त्या घराबद्दल पालकांचं मत लिहायचं होतं. काही गैर वाटलं तर चौकशी होणार होती. बाईंनी दोन दिवस तो तसाच ठेवला. रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर टेबलाशी बसून लिहिला. "मुलगी मोकळेपणा हरवून बसली आहे. दबून वागते. तिथं तिला धाक घातला गेला असावा असं वाटतं. चौकशी व्हावी." शाई वाळेपर्यंत म्हणून त्या कपबशा विसळायला गेल्या.

परत आल्या तर भिंगरी अर्ज हातात धरून उभी. कान लाल झालेले.

"हे काय लिहिलंस तू?"

"अगं, तुला कुणी काही बोलणार नाही. तू फक्त खरं..."

"किती वेळा सांगू!" भिंगरी एवढ्या मोठ्यानं ओरडली की बाई दचकल्या. "तिनं मला कधीच मारलं नाही! कधीच धाक घातला नाही! मी मजेत होते! दर पत्रात लिहिलं होतं, मजेत आहे, मजेत आहे, तू वाचलं नाहीस का?"

"वाचलं गं. पण मला वाटलं..."

"मी तिथं पहिले पंधरा दिवस पलंगाखाली झोपले. तर तीसुद्धा पांघरूण घेऊन खाली जमिनीवर झोपली, एवढी जाड बाई! म्हणाली, रडायचं तर मोठ्यानं रड, कोंबड्यांना चालतं. मी तिच्या अंगावर ओरडायची. तिची बादली फोडली तर झाडू घेऊन अंगणभर धावली माझ्यामागं, आणि मग दोघी हसून हसून..." पुढचं तिला बोलता येईना. चेहरा वाकडा झाला, नाक वाहायला लागलं, आणि साडेअकरा वर्षांची ती मुलगी जमिनीवर बसून भोकाड पसरून रडायला लागली. "मला तिच्याकडे जायचंय. मला मावशीकडे जायचंय."

तीन वर्षं बाई ज्या चेहऱ्याची वाट बघत होत्या तो हा. त्यात दाखवण्यापुरतं काही नव्हतं. तो दुसऱ्या एका बाईसाठी रडत होता.

त्या तिच्याशेजारी जमिनीवर बसल्या. विचारलं, "मग माझ्याजवळ का नाही गं कधी रडलीस?"

"तू बघत असतेस," भिंगरी हुंदके देत म्हणाली. "सारखी माझ्या तोंडाकडे बघत असतेस. मग मला कळतच नाही, तुला कसं हवंय ते. मावशी बघायची नाही. ती आपली काम करत असायची."

बाईंनी नजर खाली वळवली. फरशीकडे बघत म्हणाल्या, "बादली कशी फोडलीस?"

भिंगरीनं नाक पुसलं आणि सांगायला लागली. बादलीवरून ती बोक्यावर आली, बोक्यावरून शेजारच्या म्हाताऱ्याच्या कवळीवर. बाई खाली मान घालून ऐकत होत्या. दिवेलागणीपर्यंत ती बोलत होती.

त्यांनी अर्ज फाडला आणि दुसरा मागवून घेतला. मतासाठी तीन ओळी दिल्या होत्या, त्या पुरेनात म्हणून मागच्या कोऱ्या बाजूवर लिहिलं. पंधरा दिवसांनी खेड्यातल्या शाळेत भिंगरीचं नाव घातलं. ताई तणतणली. "डोकं फिरलंय का तुझं? इतकी वर्षं डोळ्यांत प्राण आणून वाट बघितलीस आणि आता आपल्या हातानं देऊन टाकतेस?"

"देऊन नाही टाकत. ती जाते म्हणाली."

"लहान आहे ती!"

"पण खरं बोलली, ताई. मला आता तिच्याशी खोटं वागवत नाही."

कोंबड्यावालीनं एवढंच विचारलं, "तुम्हाला चालेल ना, बाई?" आणि उत्तराची वाट न बघता भिंगरीला म्हणाली, "बघतेस काय, ती दोन खुराडी तुझी वाट बघताहेत, महिनाभर कुणी झाडली नाहीत."

पुढची वीसएक वर्षं बाई काम करत राहिल्या. पूल, दवाखाने, लसी, रात्रशाळा. सगळे त्यांना मानत. दाढी निवृत्त झाला, साहेब बदलले, कापाकापीच्या खोलीला नवी यंत्रं आली. दर दुसऱ्या शनिवारी बाई एकट्या खेड्याच्या बसमध्ये बसत. पहिले काही महिने फार अवघड गेले. नजर आपोआप पोरीच्या तोंडाकडे जायची आणि तिचं बोलणं थांबायचं. मग बाईंनी हातात काम घ्यायचं ठरवलं. खुराडं झाडायचं, पाणी भरायचं, अंडी पुसून ठेवायची. भिंगरी पाठीमागं कोंबड्यावालीशी भांडत असायची, हसत असायची. बाई तिचं हसणं पाठीनं ऐकायच्या. त्या दोघी कशावर हसल्या ते कधी कळायचं, कधी नाही. विचारायच्या नाहीत.

एकदा कोंबडी धरून द्यायची होती. बाईंनी पुढं होऊन झडप घातली, पकड चुकली, कोंबडीनं हात ओरबाडला आणि फडफडत छपरावर जाऊन बसली.

"आई! अगं अशी धरतात का कोंबडी?" भिंगरी खेकसली. "किती वर्षं येतेस इथं! हो बाजूला, तुला एक काम धड येत नाही!"

कोंबड्यावाली म्हणाली, "ए, आईशी असं बोलतात का?"

"राहू द्या," बाई म्हणाल्या. "बोलू द्या तिला."

त्या बाजूला झाल्या आणि रक्त पुसत उभ्या राहिल्या. भिंगरी शिडी लावत होती, अजून पुटपुटत होती. नंतर घाईघाईनं जेवण झालं, कारण परतीची बस पाचची होती आणि चुकली तर दुसरी सोमवारी. बस जवळपास रिकामी होती. हाताला जळजळत होतं. पोरगी आज आपल्यावर कशी मोकळेपणी खेकसली, हे कुणाला तरी सांगावं असं बाईंना सबंध वाटभर वाटत राहिलं. शेजारच्या बाकावर कुणी नव्हतं. कंडक्टर तिकीट द्यायला आला, तर त्याला सांगणार होत्या, पण तो सुट्टे देऊन पुढं निघून गेला.